'द स्क्वॉ मॅन' (१९१४) : इंग्रज उमराव, यूट सरदारकन्या आणि आड आलेली परंपरा (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

'द स्क्वॉ मॅन' हा सहा रिळांचा मूकपट हॉलिवूडच्या अगदी आरंभीचा आहे. दोन संस्कृतींतल्या प्रेमाची वेस्टर्नपटांनी पुढे कित्येक वर्षे गिरवलेली गोष्ट त्यात जवळजवळ पूर्ण रूपात सापडते. त्याविषयी नेहमी विचारल्या जाणाऱ्या प्रश्नांची उत्तरे येथे दिली आहेत. या चित्रपटाचा खरा अर्थ त्याच्या शेवटात असल्यामुळे तो शेवट येथे झाकून ठेवलेला नाही.

हा चित्रपट कोणी आणि कसा काढला?

एडविन मिल्टन रॉयल यांचे याच नावाचे नाटक १९०५ मध्ये न्यूयॉर्कच्या ब्रॉडवेवर आले आणि गाजले. त्या नाटकात खलनायकाचे काम करणारा विल्यम एस. हार्ट पुढे मूक वेस्टर्नपटांचा मोठा नायक झाला. नाटकाचे हक्क घेऊन जेसी लास्की यांच्या नव्या कंपनीने आपला पहिलाच चित्रपट काढला. या कंपनीत सॅम्युएल गोल्डफिश, म्हणजे पुढे गोल्डविन या नावाने प्रसिद्ध झालेले निर्माते, आणि सेसिल बी. डिमिल हेही होते. दिग्दर्शनाची जबाबदारी डिमिल आणि ऑस्कर ॲपफेल या दोघांवर होती. डिमिल रंगभूमीवरून आलेले होते आणि त्यांनी तोवर एकही चित्रपट दिग्दर्शित केलेला नव्हता. कॅमेऱ्यासमोरचे काम ॲपफेल यांना ठाऊक होते. चित्रीकरण २९ डिसेंबर १९१३ रोजी सुरू झाले आणि फेब्रुवारी १९१४ मध्ये चित्रपट लोकांसमोर आला.

कथानक थोडक्यात काय आहे?

इंग्लंडमध्ये जिम विनगेट आणि त्याचा चुलतभाऊ, अर्ल ऑफ करहिल हे उमरावपद भूषवणारा हेन्री, हे दोघे अनाथांसाठी जमवलेल्या निधीचे विश्वस्त आहेत. हेन्री त्या निधीवर हात मारतो. हेन्रीची पत्नी लेडी डायना हिच्यावर जिमचे मूक प्रेम आहे. तिची आणि घराण्याची अब्रू राहावी म्हणून तो अपहाराचा आळ स्वतःवर ओढवून घेतो आणि अमेरिकेला पळून जातो. वायोमिंगमध्ये तो गुरांची रँच घेतो. तेथे कॅश हॉकिन्स नावाच्या गुंडाच्या तावडीतून तो नॅट-यू-रिच हिला, यूट या अमेरिकेतील मूलनिवासी जमातीच्या सरदाराच्या मुलीला, सोडवतो. पुढे हॉकिन्स जिमवर सूड उगवायला येतो तेव्हा ती त्याला गोळी घालते, आणि काही काळाने मरणाच्या दारातून जिमला दुसऱ्यांदा परत आणते. दोघांचे लग्न होते, मुलगा होतो.

इकडे हेन्री आल्प्समध्ये कड्यावरून कोसळतो आणि मरण्यापूर्वी आपला गुन्हा लिहून देतो. डायना ही बातमी घेऊन वायोमिंगला येते. उमरावपदाचा वारस आता जिम आहे आणि त्याच्या मागे त्याचा लहानगा मुलगा हॅल. मुलाला शिक्षणासाठी आणि संस्कारांसाठी इंग्लंडला पाठवायचे ठरते. त्याच वेळी शेरीफच्या हाती हॉकिन्सच्या खुनाचा पुरावा लागतो. मूल जाणार आणि अटकही होणार, अशा कोंडीत सापडलेली नॅट-यू-रिच स्वतःचा जीव घेते. तिच्या देहाला कवटाळलेले तिचे वडील आणि जिम, या चित्रावर मूकपट संपतो.

नावातील 'स्क्वॉ' या शब्दाचा अर्थ काय, आणि तो आज का वापरला जात नाही?

हा शब्द उत्तर अमेरिकेतील मूलनिवासींच्या अल्गॉन्क्वियन भाषाकुळातून आला असून मुळात त्याचा अर्थ केवळ 'स्त्री' असा होता. गोऱ्या वसाहतकारांच्या तोंडी मात्र तो मूलनिवासी स्त्रियांसाठी हिणवण्याचा शब्द झाला. २०२१ मध्ये अमेरिकेच्या अंतर्गत व्यवहार खात्याच्या मंत्री डेब हालंड, ज्या स्वतः लगूना प्वेब्लो समाजाच्या आहेत, यांनी तो अधिकृतपणे अवमानकारक ठरवला आणि २०२२ मध्ये सुमारे ६५० ठिकाणांच्या नावांतून तो काढून टाकण्यात आला. येथे तो केवळ चित्रपटाचे नाव म्हणून आला आहे. मराठीत रुळलेला 'रेड इंडियन' हा शब्दही याच कारणाने येथे टाळून 'मूलनिवासी' असे म्हटले आहे.

'स्क्वॉ मॅन' ही शिवी मात्र पुरुषाला होती. मूलनिवासी स्त्रीबरोबर घर थाटणारा गोरा माणूस आपल्या समाजातून उतरला, असा तिचा रोख असे, आणि तिच्या जमातीच्या जमिनीसाठीच त्याने लग्न केले असाही संशय घेतला जाई. हा संशय इतका रूढ होता की अशा लग्नामुळे गोऱ्या पतीला जमातीच्या मालमत्तेवर कोणताही हक्क मिळणार नाही, असा संघराज्याचा कायदाच १८८८ मध्ये झाला. लंडनला हेच नाटक 'अ व्हाइट मॅन' या नावाने रंगमंचावर आले. एकाच नायकाला अमेरिकेतल्या जाहिरातीत त्याच्या बायकोवरून ओळखायचे आणि इंग्लंडमधल्या जाहिरातीत त्याच्या कातडीवरून, हा फरक नाटकाच्या कोणत्याही परीक्षणापेक्षा बोलका आहे.

या प्रेमाच्या आड येणारी परंपरा कोणाची आहे? यूट समाजाची का?

बहुतेक प्रेक्षक असे गृहीत धरूनच चित्रपट पाहायला बसतात, आणि नेमकी तेथेच गफलत होते. सरदार टॅबीवाना आपल्या मुलीला अडवत नाही. जमात तिला वाळीत टाकत नाही. कथेत ज्या परंपरेमुळे माणसे मोडतात ती पहिल्या दृश्यापासून अखेरपर्यंत इंग्लंडची आहे. घराण्याच्या नावासाठी निरपराध माणसाने देशोधडीला लागावे, हा तिचा पहिला नियम. उमरावपद एकाच पुरुष वारसाकडे जावे, हा दुसरा. वायोमिंगच्या माळावर बांधलेले लाकडी घर या दुसऱ्या नियमाने, हजारो मैलांवरून आलेल्या एका कागदाने, उद्ध्वस्त होते.

यातला एक पेच सहज नजरेतून सुटतो. इंग्लंडच्या कायद्यानुसार विवाहबाह्य संततीला उमरावपद मिळू शकत नसे. नॅट-यू-रिच गरोदर आहे हे कळल्यावर जिम तिच्याशी रीतसर लग्न करतो. त्या काळात अनेक गोऱ्या पुरुषांनी जे केले नाही ते तो करतो, आणि प्रेक्षकाने त्याला मान द्यावा अशीच दृश्याची मांडणी आहे. परंतु या लग्नामुळेच हॅल औरस ठरतो, औरस ठरल्यामुळे वारस ठरतो, आणि वारस ठरल्यामुळे आईपासून तोडला जातो. जिमने लग्न केले नसते तर इंग्लंडला त्या मुलाची गरजच पडली नसती. सज्जनपणाचे जे कृत्य तिला पत्नीचा दर्जा देते तेच तिच्या मांडीवरचे मूल उचलून नेते. लेखकाने हा पेच जाणूनबुजून घातला की तो आपोआप पडला, हे ठरवण्याची गरज नाही. तो कथेच्या हाडामांसातच आहे.

हे खरे प्रेम आहे, की उपकाराची फेड?

या प्रश्नावर प्रामाणिकपणे दोन मते होऊ शकतात. जिमच्या मनात डायना आहे, ती कधीच पुसली जात नाही. नॅट-यू-रिच त्याचा जीव दोनदा वाचवते आणि त्याची शुश्रूषा करते, तेव्हा त्याच्या बाजूने कृतज्ञता आणि एकटेपणा यांचा वाटा मोठा आहे हे नाकारता येत नाही. तिच्या बाजूने मात्र संदिग्धता नाही.

तरीही चित्रपटात एक दृश्य असे आहे की ज्याला प्रेमाखेरीज दुसरे नाव देता येत नाही. जिमला ती काहीतरी शिवताना दिसते. हातात घेऊन पाहतो तर ते मोकॅसिन, म्हणजे मऊ कातड्याचे जोडे, आहेत आणि तेही तान्ह्या बाळाच्या मापाचे. बाळंतविड्याची टोपडी-अंगडी घरात आधीच दिसावीत आणि त्यावरूनच गोड बातमी कळावी, तसा हा प्रसंग आहे. मजकुराच्या पाटीने जे सांगता आले असते ते दोन बोटांएवढ्या जोड्यांनी सांगितले आहे. हा चित्रपट एरवी नाटकाच्या रंगमंचावरून पुरता खाली उतरलेला नाही, पात्रे पुष्कळदा ओळीने उभी राहून हातवारे करतात. पण येथे तो चित्रपट होतो.

असे विवाह प्रत्यक्षात होत असत का? कायद्याची मान्यता होती का?

होत असत, आणि चित्रपटाच्या कितीतरी आधीपासून. उत्तर अमेरिकेतील कातडीच्या व्यापाराच्या काळात गोरे व्यापारी आणि मूलनिवासी स्त्रिया स्थानिक रीतीने विवाहबद्ध होत; त्या नात्यांवरच व्यापाराची आणि संरक्षणाची घडी बसलेली असे. कॅनडातील मेटी हा समाज अशाच संबंधांतून उभा राहिला. पुढे गोऱ्या वस्त्या वाढल्या, गोऱ्या स्त्रिया आल्या, आणि पूर्वी उपयोगाची असलेली ही नाती लाजिरवाणी मानली जाऊ लागली.

कायदा राज्यागणिक वेगळा होता. वायोमिंगने १९१३ मध्ये, म्हणजे चित्रीकरण सुरू झाले त्याच वर्षी, गोऱ्यांच्या आंतरवंशीय विवाहांवर बंदी घातली. तिच्यात कृष्णवर्णीय आणि आशियाई वंशाच्या लोकांचा उल्लेख होता, मूलनिवासींचा नव्हता. तेव्हा जिमचे लग्न तेथे वैध ठरले असते. ॲरिझोनात मात्र गोरे आणि मूलनिवासी यांच्यातील विवाह त्या वेळी बेकायदेशीर होता. डिमिल मंडळी चित्रीकरणासाठी आधी ॲरिझोनातील फ्लॅगस्टाफलाच निघाली होती, आणि ती जागा पसंत न पडल्यामुळे पुढे कॅलिफोर्नियाला गेली. सर्व राज्यांतील अशा बंद्या सर्वोच्च न्यायालयाने १९६७ मध्ये रद्द केल्या.

नॅट-यू-रिचची भूमिका कोणी केली?

रेड विंग या नावाने ओळखल्या जाणाऱ्या लिलियन सेंट सिर यांनी. त्यांचा जन्म १८८४ मध्ये नेब्रास्कातील विनेबागो राखीव प्रदेशात झाला. त्या हो-चंक, म्हणजेच विनेबागो, समाजाच्या होत्या. मूलनिवासी पात्रासाठी गोऱ्या नटीला रंग फासून उभे करण्याची पद्धत सर्रास असताना एका पूर्ण लांबीच्या चित्रपटाची नायिका मूलनिवासी स्त्री असणे, ही त्या काळी मोठी गोष्ट होती. (तिचे वडील टॅबीवाना यांचे काम मात्र जोसेफ सिंगलटन या गोऱ्या नटाने केले, आणि लहानग्या हॅलचे काम कार्मेन डी रू या मुलीने. मुलाच्या वेषातली मुलगी पाहून मराठी वाचकाला त्याच्या उलट घडलेले, आदल्याच वर्षीचे, 'राजा हरिश्चंद्र' चित्रपटातले साळुंके या पुरुष नटाचे तारामतीचे काम आठवेल.)

सेंट सिर यांचे चरित्र माहीत झाल्यावर चित्रपटाचा शेवट वेगळा दिसू लागतो. त्यांचे शिक्षण पेनसिल्व्हेनियातील कार्लाइल येथील निवासी शाळेत झाले. ही शाळा १८७९ मध्ये स्थापन झाली ती मूलनिवासी मुलांना त्यांच्या घरापासून, भाषेपासून आणि चालीरीतींपासून दूर नेऊन गोऱ्या समाजाच्या साच्यात घडवण्याच्या हेतूने. मुलांचे केस कापले जात, नावे बदलली जात आणि मातृभाषा बोलण्यावर बंदी असे. चित्रपटात लहानग्या हॅलला 'चांगल्या आयुष्यासाठी' समुद्रापलीकडे नेले जाते तेव्हा त्याच्याकडे पाहणाऱ्या आईचे काम करणारी ही स्त्री स्वतः अशा व्यवस्थेतून गेलेली होती. तिच्या अभिनयातला संयम, जवळजवळ निश्चल चेहरा, याला समीक्षक 'इंडियन' स्वभावाचे चित्रण म्हणत आले. आपल्याला ते तसे वाटत नाही; भोवतालचे नट हातवारे करत असताना ही एकटीच कॅमेऱ्यासाठी अभिनय करते आहे, एवढेच त्यातून दिसते.

सेंट सिर यांनी पुढे चित्रपट सोडले. त्यांचे अखेरचे आयुष्य न्यूयॉर्कमध्ये गेले आणि १९७४ मध्ये त्यांचे निधन झाले.

यूट लोकांचे चित्रण खरे आहे का?

नाही. यूट समाजाची भूमी मुख्यतः आजच्या कोलोरॅडो आणि युटा या राज्यांत आहे. वायोमिंगमधील मोठा राखीव प्रदेश शोशोनी आणि अरापाहो लोकांचा आहे. यूट लोकांच्या चालीरीती, नातेसंबंध, विवाहविधी यांपैकी काहीच येथे कळत नाही. त्या काळच्या मूलनिवासींनाही असल्या चित्रणांचा राग येत होता. १९११ मध्ये त्यांच्या शिष्टमंडळांनी थेट वॉशिंग्टनला जाऊन चित्रपटांतील विपर्यासाविरुद्ध तक्रार मांडली होती.

नायिकेचा मृत्यू अपरिहार्य होता का?

कथेच्या तर्काने नाही, त्या काळच्या प्रेक्षकाच्या तर्काने होय. डायना आता विधवा आहे, जिम निर्दोष ठरला आहे, उमरावपद रिकामे आहे. या मांडणीत नॅट-यू-रिच ही एकच व्यक्ती जास्तीची उरते. तिला इंग्लंडच्या वाड्यात नेऊन बसवण्याची किंवा जिमला उमरावपदावर पाणी सोडायला लावण्याची हिंमत लेखकाला झाली नाही. मग तिने स्वखुशीने बाजूला व्हावे आणि तिच्या त्यागाला प्रेक्षकाने डोळे टिपावेत, हा सोपा मार्ग. सती जाणाऱ्या बाईचे गुण गाताना तिला चितेकडे कोणी आणले हे विचारायचे नसते, तशातलाच हा प्रकार आहे.

दुसरा शेवट सुचण्यासारखा नव्हता असे मात्र कोणी म्हणू नये, कारण तो चार वर्षे आधीच कोणीतरी पडद्यावर आणून दाखवला होता.

तो दुसरा शेवट कोणता?

'व्हाइट फॉन्स डिव्होशन' हा १९१० मधील, पाथे कंपनीचा, एका रिळाचा मूकपट. दिग्दर्शक जेम्स यंग डिअर स्वतःला विनेबागो म्हणवत. अलीकडच्या संशोधनाने त्यांची मुळे डेलावेअरकडील नॅन्टिकोक लोकांशी जोडली आहेत. मूलनिवासी दिग्दर्शकाचा हा सर्वांत जुना उपलब्ध चित्रपट मानला जातो आणि २००८ मध्ये त्याचा अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदणीत समावेश झाला. यंग डिअर हे लिलियन सेंट सिर यांचे पती होते. दोघांचा विवाह १९०६ मध्ये झाला होता.

कथा पाहिली तर रॉयल यांच्या नाटकाला दिलेले उत्तरच वाटते. येथेही मूलनिवासी पत्नी, गोरा पती आणि एक मूल आहे. येथेही वारशाचे पत्र येते. पती गेला तर परतणार नाही या भीतीने व्हाइट फॉन स्वतःच्या छातीत सुरी खुपसते. मुलीला वाटते, बापानेच आईला मारले. ती धावत जाऊन जमातीला सांगते, पाठलाग होतो, आणि पकडलेल्या बापाला शिक्षा देण्यासाठी मुलीच्याच हातात सुरी दिली जाते. तेवढ्यात जखमी व्हाइट फॉन तेथे पोहोचते. ती मेलेली नसते. पती सुटतो आणि तिघे एकत्र राहतात.

चित्रपट जेमतेम अकरा मिनिटांचा आहे, अभिनय भडक आहे, न्यू जर्सीची झाडी पश्चिमेची म्हणून खपवली आहे आणि उपलब्ध प्रतीच्या आरंभीच्या पाटीवर 'रेड इंडियन' हाच शब्द आहे. तरीही त्यात दोन गोष्टी घडतात ज्या डिमिल यांच्या सहा रिळांत घडत नाहीत. वारसा हरतो आणि बायको जगते.

त्याच काळातला आणखी एखादा चित्रपट?

डी. डब्ल्यू. ग्रिफिथ यांचा 'रामोना' (१९१०). हेलन हंट जॅक्सन यांच्या १८८४ च्या कादंबरीवरचा हा एका रिळाचा मूकपट कॅलिफोर्नियातील कामुलोस या कादंबरीशी जोडल्या गेलेल्या रँचवर चित्रित झाला. स्पॅनिश घरात वाढलेली रामोना मेरी पिकफर्ड यांनी, तर तिचा मूलनिवासी प्रियकर हेन्री वॉल्थॉल यांनी साकारला. गोऱ्या माणसाने मूलनिवासींवर केलेला अन्याय, असे त्याच्या उपशीर्षकातच म्हटले होते. प्रियकर मात्र येथेही मरतोच.

'द स्क्वॉ मॅन' हा हॉलिवूडमधला पहिला चित्रपट आहे का?

पूर्ण लांबीचा पहिला, असे म्हणणे रास्त आहे. लहान चित्रपट तेथे आधीच चित्रित होऊ लागले होते. सेल्मा आणि व्हाइन या रस्त्यांच्या कोपऱ्यावरचा एक तबेला भाड्याने घेऊन कंपनीने काम केले. तो तबेला आज जागा बदलून, हॉलिवूड बोल या खुल्या रंगमंचासमोर, संग्रहालय म्हणून उभा आहे.

तयार चित्रपट पडद्यावर टाकला तर चित्र जागेवर ठरेना, उड्या मारत वर सरकू लागले, ही हकिकत प्रसिद्ध आहे. फिल्मच्या कडेला पाडलेल्या छिद्रांचे अंतर प्रक्षेपकाशी जुळत नव्हते; कंपनीच्या पहिल्याच चित्रपटावर पाणी पडण्याची वेळ आली आणि फिलाडेल्फियाचे सीगमुंड लुबिन यांनी ती निभावून नेली. दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजी मुंबईत झळकला होता, आणि त्याच्या कोऱ्या फिल्मला छिद्रे पाडण्याचे किचकट काम त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई अंधारात बसून हातावेगळे करत. ही बाब अमेरिकेतल्या धंदेवाल्यांनाही किती महागात पडू शकते हे पाहिले म्हणजे सरस्वतीबाईंच्या कामाची खरी किंमत कळते.

हे चित्रपट आज पाहता येतात का? पुढे याची पुनर्निर्मिती झाली का?

१९१४ चा 'द स्क्वॉ मॅन' आणि १९१० चा 'व्हाइट फॉन्स डिव्होशन' हे दोन्ही उपलब्ध आहेत आणि स्वामित्वहक्काबाहेर असल्यामुळे इंटरनेटवर विनामूल्य पाहता येतात. आधी लहान चित्रपट पाहावा आणि मग मोठा. शेवटांतला फरक त्यामुळे ठसठशीत जाणवतो.

डिमिल यांनी हीच कथा आणखी दोनदा काढली. १९३१ च्या बोलपटात नॅट-यू-रिच झाल्या मेक्सिकोच्या लूपे व्हेलेझ, आणि १९१८ च्या मूकपटात ॲन लिटल. म्हणजे मूलनिवासी अभिनेत्रीला ही भूमिका पुन्हा मिळाली नाही. १९१८ च्या त्या मूकपटाची बाकीची सर्व रिळे नष्ट झाली असून केवळ शेवटचे रीळ, म्हणजे नायिकेच्या मृत्यूचे, शिल्लक आहे.